जाणाऱ्याच्या हाती निरोप

श्रोतेहो, नमस्कार.

मराठीत निरोप हा शब्द दोन कामांना येतो. निरोप धाडतात आणि निरोप घेतात. निघालेल्या माणसाला 'तिकडे अमक्याला एवढं सांग' म्हणतात तोही निरोप, आणि त्याला वेशीपर्यंत पोचवून आपण मागे फिरतो तोही निरोपच. हे दोन्ही अर्थ कानाशी ठेवा, पुढे लागतील.

आज बोलायचं आहे ते आफ्रिकेतल्या अशा कवींबद्दल, जे विद्यापीठात शिकवत होते आणि देशाचे राजदूतही होते. तीन नावं घेणार आहे. घानाचे कोफी अवूनोर, मलावीचे डेव्हिड रुबादिरी, दक्षिण आफ्रिकेचे माझिसी कुनेने. आधीच सांगून टाकतो, निम्म्याहून जास्त वेळ अवूनोर खाणार आहेत.

एकाच माणसाच्या गळ्यात ही तीन कामं कशी पडली, त्याचं उत्तर सोपं आहे. घाना १९५७ साली स्वतंत्र झाला. १९६० या एका वर्षात आफ्रिकेतले सतरा देश स्वतंत्र झाले. प्रत्येकाला जगभर वकिलाती उघडायच्या होत्या आणि शिकलेली माणसं होती मूठभर. जो वर्गात इंग्रजी नाहीतर फ्रेंच शिकवत होता, त्यालाच सूट शिवून घ्यायला सांगितलं गेलं. (वकिलात हा शब्द मी मुद्दाम वापरतो. पेशवाईत परक्या दरबारात आपला 'वकील' बसायचा. असा चालता-बोलता शब्द घरात असताना आपण 'दूतावास' कशाला आणून बसवला, कोण जाणे.)

तर, अवूनोर. जन्म १३ मार्च १९३५, गाव वेटा. घानाच्या आग्नेय कोपऱ्यात केटा नावाचं मोठं खाजण आहे, त्या बाजूचा हा मुलूख. लोक एवे, त्यातले आन्लो. समुद्र इथे वर्षानुवर्षं जमीन खात आला आहे. त्यावरच अवूनोर यांची एक कविता आहे. उधाणाचं पाणी रात्री गावात शिरतं, चुलीतली लाकडं घेऊन जातं, कोंबड्या नेतं, पातेली नेतं, डाव-पळ्यासुद्धा नेतं. समुद्रावरची कविता म्हटली की आपल्याला क्षितिज आठवतं. या माणसाला पळ्या दिसल्या.

त्यांची आजी मर्तिकाची गाणी गाणारी होती. आपल्याकडे बायका हेल काढून रडायच्या, तुम्हाला ठाऊक आहे. पण आन्लो लोकांत मर्तिकाचं गाणं ही रीतसर कला आहे. मुख्य गायक ओळ टाकतो, मंडळी ती उचलतात. साथीला ढोल, दोन तोंडांची लोखंडी घंटा आणि मण्यांचं जाळं घातलेला भोपळा. या गाण्यांचा विसाव्या शतकातला सगळ्यात मोठा कवी म्हणजे अन्याको गावचा अक्पालू. अवूनोर प्राध्यापक झाल्यावर त्याच्यासारख्यांकडे गेले, गाणी उतरवून घेतली, आणि १९७४ मध्ये अक्पालू, दुन्यो आणि एक्पे या तीन एवे कवींवर पुस्तक केलं. त्यातला एक्पे हा शिव्यांच्या गाण्यांचा उस्ताद. दोन गटांनी एकमेकांची गाण्यातून यथेच्छ लाज काढायची, असा तो प्रकार होता. पुढे राजदूत होणाऱ्या माणसाला याहून चांगली शिकवणी मिळणं कठीण.

आता मुख्य गोष्ट. अवूनोर यांची 'साँग्ज ऑफ सॉरो' नावाची कविता आहे, दुःखाची गाणी. इंग्रजीत लिहिलेली, पण साचा सगळा अक्पालूचा, आणि ते त्यांनी कधी लपवलं नाही. मौखिक परंपरेत ओळ गाणाऱ्याची असते. 'तुका म्हणे' लावून किती जणांनी अभंग केले, त्यांना आपण कुठे कोर्टात खेचलं?

या कवितेत तीन पावलं आहेत. आधी गाणारा स्वतःचं गाऱ्हाणं मांडतो. म्हणतो, माझ्या नशिबाने मला रानातल्या अणकुचीदार खुंटांमध्ये आणून सोडलंय, मागे फिरता येत नाही, पुढे जाववत नाही. या जगाचा व्यवहार म्हणजे सरड्याची विष्ठा, पाय पडला तो पडला, कितीही पुसा, जात नाही. इथे जरा थांबा. दुःखाची उपमा द्यायला या कवीने चंद्र घेतला नाही, फूल घेतलं नाही. सरड्याची घाण घेतली. शिवाय ती चिकट आहे, धुतली तरी जात नाही, एवढं बजावून सांगितलं.

दुसरं पाऊल, पडलेल्या घराचं वर्णन. क्पेती नावाच्या मोठ्या माणसाचं घराणं बसलं, उरलं फक्त मोडकं कुंपण. ज्यांची त्याच्याकडे मान वर करून पाहायची छाती नव्हती, ते आता पुरुष म्हणून मिरवताहेत.

आणि तिसरं पाऊल. त्यासाठीच तर एवढी प्रस्तावना केली. नुकता एक जण गेलाय, अगोसु. गाणारा त्या मेलेल्या अगोसुला म्हणतो, बाबा, तू तिकडे निघालाच आहेस तर आधी गेलेल्यांना निरोप सांग. न्यिदेवूला सांग, क्पेतीला सांग, कोवेला सांग, की तुम्ही आमचं वाईट केलंत. तुमचं घर पडतंय. कुंपणाच्या झाडांना वाळवी लागलीय. विचार त्यांना, आम्ही इथे माती खातोय आणि तुम्ही तिथे रिकामे काय बसलात? डोक्यावर कावळे-गिधाडं फिरताहेत, आणि आमच्या वाट्याच्या जमिनीवरून परके चालताहेत.

पुन्हा सांगतो, कारण ऐकताना हे निसटतं. मेलेला माणूस इथे दूत आहे. निरोप जिवंतांकडून पितरांकडे चाललाय. आणि निरोपात स्तुती नाही, खडसावणं आहे. आपल्याकडे शोकसभा म्हणजे मेल्या म्हशीला मणभर दूध. गेलेल्याला, त्यातून पितरांना, 'तुमचं चुकलं' असं तोंडावर सांगायची रीत आपण कुठे ठेवली? आन्लो माणसाला त्यात पितरांचा अपमान वाटत नाही. पितर घरातलेच, मग त्यांच्याशी भांडायचं नाही तर कोणाशी?

ही कविता वाचताना लोक हमखास दोन चुका करतात. पहिली, रडव्या आवाजात वाचणं. मूळ गाणं ठेक्यात चालतं. त्यामुळे ओळ संपली की एक श्वासाची जागा सोडा आणि आवाज सपाट ठेवा. दोघं असाल तर उत्तम, एकाने ओळ म्हणायची, दुसऱ्याने शेवटचे दोन-तीन शब्द उचलायचे. दुसरी चूक म्हणजे कवितेतला 'मी' हा खुद्द कवी आहे असं धरून चालणं. 'मी मेल्यावर बंदुकीचा बार काढायला मुलगे नाहीत, हंबरडा फोडायला मुली नाहीत' असं कवितेत आहे. ते वाचून कवी निपुत्रिक असल्याचा शोध लागतो. अवूनोर यांना मुलंबाळं होती. हा 'मी' सगळ्या गावाचा आहे, जात्यावरच्या ओवीतल्या 'मी'सारखा.

आता हा निरोप सांगणारा माणूस खरोखरीचा राजदूत कसा झाला, तेही ऐका. अमेरिकेत स्टोनी ब्रुकच्या विद्यापीठात त्यांनी १९७२ मध्ये पीएच.डी. केली, तिथेच शिकवलं, आणि १९७५ मध्ये घानात परतून केप कोस्ट विद्यापीठात इंग्रजीचा विभाग हाती घेतला. देशावर तेव्हा लष्कराचं राज्य होतं. वर्ष संपता संपता त्यांना अटक झाली. सरकार उलथवण्याच्या कटातल्या एका लष्करी अधिकाऱ्याला पळून जायला मदत केली, असा आरोप. राजधानी अक्राच्या समुद्रकाठच्या अशर किल्ल्यात त्यांनी महिनोन्‌महिने काढले आणि १९७६ मध्ये ते सुटले. हा किल्ला डचांनी १६४९ मध्ये बांधला, आणि त्याला नाव दिलं होतं क्रेव्हकर, म्हणजे काळीज फोडणारा. या कैदेतून १९७८ चा संग्रह आला, 'द हाउस बाय द सी', समुद्राकाठचं घर.

त्यानंतर सहा वर्षांनी, १९८४ मध्ये, हाच माजी कैदी ब्राझीलमध्ये घानाचा राजदूत होता. १९८८ ते १९९० क्युबात, १९९० ते १९९४ न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांत. लॅटिन अमेरिकेतल्या त्या वर्षांच्या कविता १९९२ मध्ये पुस्तकरूपाने आल्या.

राजदूत नेमतात कसा, हे दोन मिनिटांत सांगतो, म्हणजे पुढचं नीट कळेल. आपला देश आधी गुपचूप नाव कळवतो. समोरच्या देशाने होकार द्यायचा. नकार दिला तर कारण सांगायचं बंधन नाही, हे १९६१ च्या व्हिएन्ना कराराच्या चौथ्या कलमात आहे. होकार आला की राजदूत जातो, अधिकारपत्राची नक्कल परराष्ट्र खात्यात देतो, आणि मग समारंभात मूळ पत्र राष्ट्रप्रमुखाच्या हातात. संयुक्त राष्ट्रांत तो आधीचा होकार लागत नाही, पत्र थेट सरचिटणीसांकडे. घोळ होतो तो एकाच ठिकाणी. राजदूताचा सगळा जोर त्या पत्रावरच्या सहीत असतो. सही करणाऱ्याशी बिनसलं, की इकडचा दूत क्षणात रस्त्यावर.

हे अवूनोर यांच्या नाही, पण डेव्हिड रुबादिरींच्या वाट्याला आलं. जन्म १९३०, शिक्षण युगांडात आणि केंब्रिजला. मलावी ६ जुलै १९६४ ला स्वतंत्र झाला आणि रुबादिरी अमेरिकेतले व संयुक्त राष्ट्रांतले त्याचे पहिले राजदूत झाले. दोन-तीन महिन्यांतच पंतप्रधान हेस्टिंग्ज बांडा आणि त्यांचे मंत्री यांच्यात फाटलं. १९६५ मध्ये रुबादिरींनी बांडांची साथ सोडली, आणि मग युगांडातलं मकेरेरे, नैरोबी, बोत्सवाना अशी परमुलखातली मास्तरकी. बांडा १९९४ ची निवडणूक हरले. १९९७ मध्ये रुबादिरी पुन्हा संयुक्त राष्ट्रांत मलावीचे राजदूत. तेहतीस वर्षांनी तेच पद, पत्रावर सही तेवढी वेगळी.

त्यांची 'स्टॅनली मीट्स मुतेसा' जरूर शोधा. १८७५ मध्ये स्टॅनली हा गोरा प्रवासी बुगांडाच्या, म्हणजे आजच्या युगांडातल्या एका राज्याच्या, मुतेसा राजाकडे पोचतो, तो प्रसंग. पाहुण्याचं स्वागत करतात, तासलेल्या बोरूंचं दार त्याच्यामागे बंद होतं, आणि पश्चिम आत येते. परक्या दूताला दरबारात घेण्याचा क्षण, आणि लिहिणारा स्वतः दूत झालेला माणूस.

अवूनोर यांचा शेवट सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. सप्टेंबर २०१३ मध्ये ते एका साहित्य महोत्सवासाठी नैरोबीला गेले होते. २१ तारखेला शनिवारी वेस्टगेट मॉलवर अतिरेक्यांनी हल्ला केला, त्यात ते गेले. वय ७८. बरोबर मुलगा होता, तो जखमी झाला, वाचला. निवडक आणि नव्या कवितांचा 'द प्रॉमिस ऑफ होप' हा संग्रह तेव्हा तयार होत होता, तो २०१४ मध्ये निघाला.  

वेळ थोडा उरलाय, कुनेनेंना तो पुरणार नाही, पण असो. माझिसी कुनेने, जन्म १९३० चा, डर्बन. हे तर पत्र नसलेले राजदूत. वर्णभेदाविरुद्ध लढणाऱ्या आफ्रिकन नॅशनल काँग्रेस या पक्षावर मायदेशी बंदी होती, आणि हे लंडनला बसून युरोपात तिची बाजू मांडत होते. मागे देश होता, सरकार नव्हतं. निधी गोळा करण्यापासून सगळं त्यांनी केलं. पुढे लॉस एंजेलिसच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात शिकवलं, मग मायदेशी परतले, २००५ मध्ये राष्ट्रकवी झाले, २००६ मध्ये वारले.

ते आधी झुलू भाषेत लिहायचे, मग स्वतःच इंग्रजी करायचे. शाका राजावरचं त्यांचं महाकाव्य १९७९ मध्ये इंग्रजीत आलं आणि जगभर वाचलं गेलं. ज्या भाषेत ते लिहिलं होतं त्या झुलूतली मूळ प्रत छापून आली २०१७ मध्ये. इंग्रजीनंतर अडतीस वर्षांनी, कवी गेल्यावर अकरा वर्षांनी.

नमस्कार.