पठारावरची दहा वर्षं

मित्रहो, काल्पनिक जग रचणाऱ्याला मी सगळ्यात आधी एकच विचारतो: तुझ्या जगात दिवा कशावर लागतो? राजवंश, नकाशे, युद्धं नंतर बघू. ऊर्जा कुठून येते आणि तिची किंमत कोण भरतं, हे ठरलं की निम्मी कादंबरी हाती लागते. ते ठरलं नाही, तर जादू म्हणजे फुकटची वीज, आणि फुकटच्या विजेतून गोष्ट उभी राहत नाही.

माझ्या जगातलं यंत्र खाजनातून, म्हणजे गोव्यातल्या नदीकाठच्या बांध घातलेल्या शेतजमिनीतून आलं. दिवाडी-चोडण बेटांवरची मानस, म्हणजे बांधातलं पाण्याचं दार, इथं बऱ्याच जणांनी जवळून पाहिलेली असणार. भरती चढली की नदीच्या पाण्याच्या रेट्यानं लाकडी दारं आपोआप मिटतात, खारं पाणी शेतात शिरत नाही. सुकती लागली की आतलं पाणी तीच दारं ढकलून बाहेर पडतं. कुणी चाक फिरवत नाही. दोन पातळ्यांमधला फरकच काम करतो. पाण्याच्या जागी काळ घातला, आणि माझी ‘कालमानस’ तयार झाली.

हे अगदीच हवेतलं नाही. उंचावरचं घड्याळ खालच्यापेक्षा जलद चालतं. २०१० मध्ये अमेरिकी संशोधकांनी एक अतिअचूक घड्याळ दुसऱ्यापेक्षा जेमतेम ३३ सेंटीमीटर वर उचलून हा फरक मोजला. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं, वेगामुळं येणारी मंदी वजा करूनही, जमिनीपेक्षा रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढं जातात. माझ्या जगात एक पठार आहे आणि खाली खोऱ्यात शहर आहे. कालमानस उघडी असताना दोन्हीकडं काळ एकाच चालीनं चालतो. ती मिटली की खोऱ्यातल्या एका वर्षात पठारावर दहा वर्षं सरतात.

आता पठारावर उभं राहून बघा. बाहेरचा एक दिवस इथं दहा दिवस पुरतो, म्हणजे पाच दिवस उजेड आणि पाच दिवस रात्र. उजेड म्हणायचं एवढंच. किरणांची लहर दहापट लांबते आणि सूर्याचा प्रकाश तांबड्याच्याही खाली उतरतो, तो डोळ्यांना दिसत नाही. प्रकाशाच्या प्रत्येक कणाची ऊर्जा दहावा हिस्सा, कणांची आवकही दहावा हिस्सा, म्हणून उन्हाची ताकद शंभरावा हिस्सा. तिथं भात पिकत नाही, गवतसुद्धा उगवत नाही. सगळं धान्य खालून न्यायचं.

वरून खाली जाणाऱ्या प्रकाशाचं नेमकं उलट होतं, आणि माझा सगळा जीव इथंच अडकलेला आहे. माणसाचं अंग उष्णता फेकत असतं, नुसतं बसलेलं असलं तरी सुमारे १०० वॅट. ती उष्णता आपल्याला दिसत नाही. पण पठारावरून खोऱ्यात उतरताना तिची लहर दहापट आखूड होते, आणि तिचा रंग जुन्या पिवळ्या बल्बच्या उजेडासारखा होतो. ताकद शंभरपट. शहरातल्या रस्त्यांवर जो उजेड पडतो, तो वर राबणाऱ्या मजुरांच्या अंगाचा. एकेक मजूर १० किलोवॅटचा.

जाणकार लगेच विचारतील, ऊर्जेच्या अक्षय्यतेचं, म्हणजे ऊर्जा नव्यानं निर्माण होत नाही या नियमाचं काय? प्रश्न रास्त आहे. काळाचा फरक कायम राहिला, तर उजेड खाली येताना जेवढी ऊर्जा मिळते, तेवढीच तांदूळ वर चढवताना खर्ची पडते. पण गणितज्ञ एमी नोएथर यांनी १९१८ मध्ये दाखवून दिलं, की निसर्गाचे नियम काळानुसार बदलत नाहीत म्हणून ऊर्जा टिकून राहते. दार उघडझाप करणारा माणूस तो नियमच बदलतो. दार उघडं असताना धान्य वर न्यायचं, मग दार मिटायचं, आणि उजेड खाली घ्यायचा. विज्ञानाचा हिशेब तिथं सुटतो. तो पुन्हा बांधायचं काम लेखकाचं. मी तो मजुरांच्या वयावर बांधला. विशीत वर गेलेला मुलगा खोऱ्याच्या एका वर्षानं तिशीचा होऊन उतरतो.

गोव्यात हे जास्त समजावून सांगावं लागू नये. गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं कुर्डी गाव साळावली धरणाच्या पाण्याखाली गेलं. त्या धरणाचं पाणी दक्षिण गोव्याच्या नळांना येतं. उन्हाळ्यात पाणी उतरलं की कुर्डीचे गावकरी तिथं परत जमतात. नळ सोडताना ते गाव आठवावं, असं मला मनापासून वाटतं, आणि ही कादंबरी मी त्याचसाठी लिहितो आहे.

माझ्या गोष्टीतलं भांडण मजुरीवरून पेटतं. करारात एका वर्षाचा पगार लिहिलेला असतो, पण तो खोऱ्याच्या पंचांगानं. मजूर दहा वर्षांचा मागतात. नुसतं काम थांबवून भागत नाही, अंग तर तापलेलंच राहतं. म्हणून सगळे पठाराच्या पलीकडच्या उतारावर जाऊन बसतात आणि शहर अंधारात जातं. कारभाऱ्यांना बोलणीसाठी वर जावंच लागतं. दार मिटलेलं असताना एक माणूस वर चढवण्याइतकी ऊर्जा त्यांच्याकडं नसते, म्हणून आधी कालमानस उघडतात. त्या बैठकीत मजूर पगाराआधी दुसरीच गोष्ट मागतात: दार केव्हा मिटायचं, हे यापुढं पठारावरून ठरेल.