तांदूळ ओढणारं भांडं

नमस्कार श्रोतेहो. जादूच्या वस्तूंसाठी कायदा म्हटलं की गोष्टीतल्या राजाची दवंडी आठवते. आपल्याकडे तसा कायदा खरोखर आहे, आणि एक नाही, दोन आहेत. पहिला केंद्राचा, १९५४ चा. ताईत, मंत्र, कवच यांनी रोग बरा होतो अशी जाहिरात करायला त्याने बंदी घातली. दुसरा आपल्या महाराष्ट्राचा, २०१३ चा, म्हणजे जादूटोणाविरोधी कायदा. त्याचं सरकारी नाव एका दमात वाचून होत नाही. जो कायदा खेड्यातल्या बाईनं पोलीस ठाण्यात जाऊन मागायचा, त्याचं नाव तिच्या तोंडी बसेल असं हवं होतं, हे माझं ठाम मत आहे.

आता एवढं नीट ऐका. गळ्यातला ताईत हा गुन्हा नाही. दारावरचं लिंबू-मिरची हा गुन्हा नाही. यात्रा, प्रदक्षिणा, कीर्तन, भजन, नंदीबैलवाल्यानं सांगितलेलं भविष्य, जमिनीखालचं पाणी सांगणाऱ्या पाणाड्याचा सल्ला, हे सगळं २०१३ च्या कायद्यानं मोकळं ठेवलंय. मग गुन्हा कुठं होतो? वस्तू पुढं करून पैसे उकळले, धाक घातला, साप चावलेल्याला दवाखान्यात जाऊ न देता गंडादोरा बांधला, तिथं होतो. वस्तू गुन्हेगार नाही, ती पुढं करून लुबाडणारा गुन्हेगार.

मला हे उमगलं ते मामांच्या सोप्यात. मामा कोल्हापूरच्या उद्यमनगरात एका फाउंड्रीत, म्हणजे धातू ओतायच्या कारखान्यात, मोल्डर होते. हयात साच्याच्या वाळूत गेली. रिटायर झाले, फंडाचे पैसे बँकेत पडले, आणि ही बातमी कुणाकडून तरी बाहेर फुटली. एका संध्याकाळी दोघं अनोळखी गृहस्थ आले. सोबत गल्लीतलाच एक पोरगा. मखमलीत गुंडाळलेलं तांब्याचं लहानसं भांडं त्यांनी बाहेर काढलं. म्हणाले, यावर वीज पडलेली आहे, इरिडियम नावाचा धातू यात उतरलाय, म्हणून हे तांदूळ ओढतं. परदेशी कंपनी कोटींनी घेते. फक्त तपासायला शास्त्रज्ञ येणार, त्यांची फी आगाऊ भरायची. जो भरेल तो भागीदार.

मग ताटलीत त्यांनी मूठभर तांदूळ पसरले. भांडं जवळ नेलं, आणि दाणे सरसर सरकत त्याला चिकटले! जमलेल्या शेजाऱ्यांनी हात जोडले. मामांनी भांडं बघायला मागितलं, तर देईनात. उघड्या हाताला किरणं बाधतात म्हणे.

तेवढ्यात मामी आतून आली. हातात वाटी, वाटीत घरचे आजरा घनसाळ. म्हणाली, "भांडं तुमचं, तांदूळ आमचं. आता वडू दे की." ते गडबडले. आमचे तांदूळ सिद्ध केलेले आहेत, साधे चालत नाहीत, असं सांगू लागले. मामी म्हणाली, "कोटीचं भांडं, आन् त्येला घरचं तांदूळ चालत न्हाईत व्हय?" चारचौघांत नाही म्हणता येईना. घनसाळ ताटलीत पडला. भांडं जवळ आलं. एक दाणा हलला नाही.

(घनसाळ म्हणजे शेजाऱ्याला वासावरनं कळावा असा तांदूळ. पोत्यावरचं नाव वाचून तो घेऊ नका, मूठभर हातात घेऊन हुंगा आणि मगच घ्या. आजऱ्याच्या शेतकऱ्याचा मान त्यात आहे.)

मग मामा उठले. त्या लोकांचे चार दाणे चिमटीत घेऊन चोळले. बोट काळं झालं. "लोखंडाचा भुगा हाय ह्यो. आन् बुडात चुंबक. तांब्याला कवा लोखंड चिकटलंय का?" इरिडियमलाही चिकटत नाही. भट्टीवर आयुष्य काढलेल्या माणसाला धातूचं जे ज्ञान असतं, त्याला आपण शिक्षण मानत नाही, याचं मला फार वाईट वाटतं. शाळांनी अशा माणसांना विज्ञानाच्या तासाला बोलवावं.

दोघं भांडं उचलून निघून गेले. पोरगा मात्र तिथंच बसून रडायला लागला. आईचे डागदागिने गहाण ठेवून त्यानं आधीच फी भरली होती, आणि ते पैसे सुटावेत म्हणून नवं गिऱ्हाईक दाखवायला आमच्याकडं आला होता. मामा म्हणाले, चल, तक्रार देऊ. तो उठेना. लोक काय म्हणतील, एवढंच बोलत राहिला.

श्रोतेहो, कायदा अडतो तो इथं. चमत्काराचा देखावा करून पैसे मिळवणं आणि लोकांना फसवणं हे २०१३ च्या कायद्याच्या अनुसूचीत स्पष्ट लिहिलंय. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत, दंड ५,००० ते ५०,००० रुपये. जानेवारी २०२१ मध्ये औरंगाबाद खंडपीठानं तर टीव्हीवर ताईतासारखी यंत्रं विकणाऱ्या जाहिरातीही याच कायद्यात बसवल्या. देवाचं नाव घेऊन वस्तूत दैवी शक्ती आहे असं सांगून ती विकणं बेकायदेशीर, असा तो निकाल. पण ज्याचे पैसे गेले तोच लाजून घरात बसला, तर पोलिसांपर्यंत काय पोचणार? लाजायचं फसवणाऱ्यानं. पुन्हा सांगतो, लाजायचं फसवणाऱ्यानं.

मामांनी त्याला त्याच रात्री ठाण्यावर नेलं. ताटलीतले काळे दाणे कागदाच्या पुडीत बांधून घेतले, पोराच्या मोबाइलवरचे मेसेज पुसू दिले नाहीत, आणि पैसे पाठवल्याची नोंद काढून घेतली. तुमच्यावर किंवा शेजारच्या कुणावर अशी पाळी आली तर हे तिन्ही जपा. ठाण्यात गेल्यावर फसवणुकीच्या कलमासोबत २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याचं कलमही लावा, असं तोंडानं मागा. या कायद्याखालचा गुन्हा दखलपात्र आहे आणि अजामीनपात्रही. नमस्कार.