काळचकवा : खाली उतरलात तर कान हलगीवर ठेवा

(दृश्य : भर दुपार. बारवेच्या पायऱ्या. कॅमेरा सावकाश खाली उतरतो.)

चकवा माहीत नाही असा माणूस मराठवाड्यात सापडायचा नाही. रात्री शेतातून घराकडे निघालेला गडी फिरून फिरून त्याच बांधाला येऊन धडकतो, आणि तांबडं फुटल्यावर बघतो तर गाव हाकेच्या अंतरावर! हा झाला वाटेचा चकवा. खडकाळीतला चकवा वाट चुकवत नाही, काळ चुकवतो.

खडकाळी नकाशात शोधू नका, हा मुलूख आम्ही रचलाय. माती मात्र बालाघाटाच्या डोंगरांतून उचलली आणि बारव परभणी जिल्ह्यातल्या वालूरची. तिथल्या पायऱ्या सरळ उतरत नाहीत, गोल वळत पाण्याकडे जातात. काठावर उभं राहिलं की कुठली पायरी आधीची नि कुठली नंतरची, नजरेला पटकन उमगत नाही. काळचकव्याला घर द्यायचं तर असंच, यावर आमच्यात वाद झाला नाही.

तुडुंब बारवेला चकवा शिवत नाही. तो धरतो चैत्र-वैशाखात, पाणी तळाला गेल्यावर. म्हणजे खाली उतरल्याशिवाय घागर भरत नाही, नेमकं तेव्हा.

(दृश्य : कपारीतला पारवा.)

पहिली खूण पारव्यांची. कपारीतून उडालेला पारवा अर्ध्यात जड होतो. पंख उघडे, फडफड नाही. पोहऱ्यातून सांडलेला थेंब पडता पडता राहतो. पण हे दिसतं काठावरच्याला. आत असलेल्याचा श्वास नेहमीचा, तहान नेहमीची, त्याला काडीचाही फरक कळत नाही. चकव्याचं खरं विष तेच.

म्हणून काठावर हलगीवाला बसवतात. एकच ठेका, न थांबता. खाली घागर भरणाऱ्यानं कान ठेक्यावर ठेवायचा. ठेका जलद व्हायला लागला, आवाज बारीक आणि कर्कश झाला, की घागर टाकून पळायचं. थापा एकमेकींत मिसळून नुसती शीळ ऐकू आली, तर वर वर्षं चाललीत. पळत वर येताना ठेका पुन्हा संथ होतो, आणि तेव्हा कधी कधी थाप वेगळी लागते.

“मामा कुठं गेलेत?” वर आलेली बाई विचारते.

“कोणते मामा?” पिकल्या मिशांचा हलगीवाला म्हणतो. “माझे आजोबा वाजवायचे इथं, ते का?”

ही झाली बरी गत. वाईट गत चकव्याच्या कडेला बसणाऱ्याची. पायरीवर पाय सोडून बसलेलं पोर. पाय चकव्यात, धड बाहेर. काळीज आपल्या गतीनं रक्त खाली ढकलत राहतं, खालून ते परत येत नाही. पोटऱ्या टरटरून सुजतात, ओठ पांढरे पडतात. ओढून काढावं म्हटलं तर पाय हलतात त्यांच्याच संथपणानं आणि सांधा निखळतो. मग एकच उपाय उरतो, आणि तो आईनं करायचा असा खडकाळीतला रिवाज आहे : पोराला आत ढकलायचं. अख्खं आत गेलं तर ते जगतं. वर येईल तेव्हा आई असेल की नाही, हे कुणी बोलत नाही.

कल्पना सगळी आमची, असा दावा नाही. भागवताच्या नवव्या स्कंधात रैवत ककुद्मी राजा लेक रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो. तिथं गंधर्वांचं गाणं चाललेलं, म्हणून जरा थांबतो. गाणं संपल्यावर ब्रह्मदेव हसून सांगतात, खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली. एक चतुर्युग ४३ लाख २० हजार वर्षांचं. गुणाकार केला तर ११ कोटी ६६ लाखांच्या वर. मराठवाड्याखालचा काळा बसाल्ट साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. म्हणजे राजा निघाला तेव्हा आपल्या पायाखालचा खडक लाव्हा होऊन वरसुद्धा आला नव्हता! पुराण आणि भूगर्भशास्त्र एका वहीत मांडू नये, हे मान्य. मोह आवरला नाही, इतकंच.

(दृश्य : गावची चावडी.)

उशिराचं आपल्याला तसंही नवल नाही. दिल्लीत १५ ऑगस्ट १९४७ ला झेंडा फडकला, इथं निजामाचा अंमल १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत होता. तेरा महिने देशाचं पंचांग एक आणि मराठवाड्याचं दुसरं. खडकाळीच्या चावडीवरची भांडणं याच जातीची. परतलेल्याला वाटा द्यायचा का? धाकटा भाऊ आता थोरला दिसतो, मग कर्ता कोण? आजवर पंचांनी एवढंच ठरवलंय की तीन पिढ्यांच्या आत परतला तर जमीन मिळेल, बैल मिळणार नाहीत. बैल मेले, हे कारण. पण बैलांच्या वासरांचं काय, यावरून दर वैशाखात डोकी फुटतात.

काही जण मुद्दाम उतरतात. दुष्काळ टळेल म्हणून, नाहीतर देणं बुडेल म्हणून. असाच एक जण घागर न घेताच उतरला, आत निवांत बिडी ओढली आणि वर आला. काठावर घोंगडी अंथरून सावकाराचा पणतू बसलेला, मांडीवर चोपडी.

“या आजोबा, पाणी घ्या,” तो म्हणाला. “हिशेब जरा लांबलाय.”