कपड्यावाला सेसाकु

नमस्कार मंडळी! जपानीत सिनेमाच्या निर्मितीला म्हणतात सेसाकु, आणि गंमत म्हणजे हा शब्द दोन प्रकारे लिहितात. ऐकायला दोन्ही सेम, त्यामुळे रेडिओवर तुम्हाला फरक कळणारच नाही! एकात अक्षराखाली कपड्याचं चिन्ह असतं, तो पैसे उभे करायचा सेसाकु. दुसरा बिनकपड्याचा, म्हणजे प्रत्यक्ष राबायचा. मोठ्या सिनेमात पैशाची बाजू बहुतेकदा कमिटी बघते, टीव्ही चॅनल, प्रकाशक, जाहिरातवाले सगळे मिळून. (म्हणूनच सुरुवातीला लोगोंची ही रांग. आपल्याकडे तर लोगो झाले की आभार, मग परत आभार, तोवर माझे पॉपकॉर्न संपलेले असतात. असो.) स्वतंत्र सिनेमात मात्र दोन्ही सेसाकु एकाच्याच डोक्यावर. पैसे त्यानेच आणायचे आणि जेवणाचं पण त्यानेच बघायचं.

आता जपानी दिग्दर्शक कानेतो शिंदोंचा किस्सा, जो मी भेटेल त्याला सांगतो. 1950 मध्ये मोठा स्टुडिओ सोडून यांनी मित्रांबरोबर स्वतःची छोटी कंपनी काढली. दहा वर्षांत कर्ज एवढं झालं की आता गुंडाळायचंच, पण जाता जाता एक शेवटचा सिनेमा करू म्हणाले, तोच ‘द नेकेड आयलंड’. लेखक, दिग्दर्शक हेच आणि निर्मातेपण हेच. बजेट साधारण 50 लाख येन, तेव्हाच्या मानाने चिल्लर. हिरोशिमाजवळच्या समुद्रात सुकुने नावाचं टीचभर बेट आहे, तिथे डझनभर माणसं घेऊन गेले, सगळे एकत्रच राहायचे. गोष्ट काय, तर बेटावर गोडं पाणी नाही, नवराबायको होडी वल्हवत शेजारच्या बेटावरून पाणी आणतात, खांद्यावर कावड घेऊन चढ चढतात आणि रोपांना ओंजळभर ओंजळभर घालतात, की परत खाली. एकदा तिच्या हातून बादली सांडते आणि तो तिला थोबाडीत मारतो. आपल्याकडे ज्यांनी टँकरची वाट बघितलीय त्यांना ती बादली वेगळी समजावून सांगायला नको.

आणि अख्ख्या सिनेमात जवळपास संवादच नाहीत. लोक याला कविता म्हणतात. मी म्हणतो, आतला निर्माता जागा होता! संवाद नाहीत म्हणजे भाषांतराचा खर्च नाही, कुठल्याही देशात विका. आणि खरंच विकला गेला. 1961 मध्ये मॉस्कोला मोठं बक्षीस मिळालं, साठेक देशांनी सिनेमा घेतला, कर्ज फिटलं आणि बंद पडायची कंपनी राहिली की चालू.

शिंदो त्यानंतर 98 व्या वर्षापर्यंत सिनेमे करत राहिले. सिनेमात कावड वाहणारी ती नटी नोबुको ओतोवा, पुढे त्यांची बायको झाली, 1994 मध्ये गेली. तिच्या अर्ध्या अस्थी त्याच सुकुने बेटावर सोडल्या आणि 2012 मध्ये शंभरी गाठून शिंदो गेले तेव्हा त्यांच्याही तिथेच.