पिवळा परवाना

[पडद्यावर गजबजलेला रस्ता. लांब काळे कोट, दुकानांच्या पाट्या.]

हा वॉर्सामधला नालेव्की, ज्यूंची वस्ती. इथली गर्दी भाड्याने आणलेली नाही, माणसं तिथलीच आहेत. मूकपट आहे १९१८ सालचा ‘डेर गेल्बे शाइन’, म्हणजे पिवळा परवाना. नायिका लेआ झालेली पोला नेग्री तेव्हा २१ वर्षांची होती, आणि जन्माने तीही झारच्याच अमलाखालच्या पोलंडची.

लेआला रशियाच्या राजधानीत, पीटर्सबर्गला जाऊन डॉक्टर व्हायचंय. पण झारच्या राज्यात ज्यूंनी राहायचं ते पश्चिमेकडच्या नेमून दिलेल्या पट्ट्यात. राजधानीत मुभा पहिल्या श्रेणीच्या व्यापाऱ्यांना, पदवीधरांना, काही कारागिरांना. त्यात १८८७ पासून राजधानीच्या विद्यापीठात ज्यूंना जागा शंभरात ३.

राजधानीत राहायला उरतो पिवळा परवाना, वेश्याव्यवसायाचा. ही पद्धत १८४३ ची. बाईने आपला पासपोर्ट पोलिसांकडे जमा करायचा, बदल्यात हा कागद घ्यायचा, ठरल्या दिवशी वैद्यकीय तपासणीला हजर राहायचं. एकदा नोंद झाली की पासपोर्ट परत मिळणं महाकठीण, आणि हा कागद बघून दुसरं काम कोण देणार?

लेआ तो घेते. रात्री कुंटणखाना, दिवसा एका मेलेल्या मुलीच्या कागदपत्रांवर कॉलेज. ज्या कागदावर तिचं नाव आहे, तो शिकू देत नाही. ज्यावर शिकता येतं, त्यावर नाव दुसरीचं. सगळं नाटक या दोन कागदांत आहे.

तेव्हाचा कॅमेरा हाताने फिरवत. सेकंदाला १६ चौकटींनी १००० फूट फीत साधारण १७ मिनिटं चालते, पुढच्या बोलपटांच्या २४ ने लावली तर ११. मग माणसं तुरुतुरु धावतात, नेग्रीच्या चेहऱ्यावरची घालमेल उमटते न उमटते तोच पुसली जाते, आणि बघणारे नको तिथे हसतात.

शेवट मात्र कच्चा आहे. लेआ जीव द्यायला जाते, प्राध्यापक तिला वाचवतात, आणि ती निघते त्यांचीच मुलगी. म्हणजे जन्माने ज्यू नाहीच! लेआ सुटते, कायद्याला कोणी जाब विचारत नाही. खरं तर चित्रपट आला तोवर ते निर्बंध उठले होते, १९१७ च्या क्रांतीत. शत्रू रशियाचा जुलूम दाखवणारा हा चित्रपट जर्मनीच्या उफा कंपनीचा, आणि चित्रीकरण झालं तेव्हा वॉर्सा जर्मनांच्या ताब्यात.

[पुन्हा तोच रस्ता.]

१९४० मध्ये जर्मनांनीच नालेव्की घेट्टोच्या, म्हणजे ज्यूंना डांबलेल्या वस्तीच्या, भिंतीआड कोंडला. १९४३ च्या उठावानंतर घेट्टो जमीनदोस्त केला. म्हणून हा रस्ता इथे १६ च्याच वेगाने दाखवतोय, न कापता.