सव्वीस वर्षं डब्यात पडलेला सिनेमा आणि कमल स्वरूप

नमस्कार मंडळी! एक्सपेरिमेंटल सिनेमा करणारा माणूस आयुष्यभर नेमकं करतो काय, म्हणजे एक फिल्म झाली, ती कुठे लागलीच नाही, मग पुढे काय, यावर मला खूप दिवसांपासून बोलायचं होतं. आणि हा विषय निघाला की माझ्या डोक्यात पहिलं नाव येतं ते दिग्दर्शक कमल स्वरूप यांचं.

हा माणूस वाढला अजमेरला, पण शिकला आपल्या पुण्यात, एफटीआयआय या सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटला, १९७४ ला पास आउट. आणि लगेच दोन वर्षांत, १९७६ ला, 'घाशीराम कोतवाल'वर जो सिनेमा झाला ना, तेंडुलकरांनीच पटकथा लिहिलेला, तो एका दिग्दर्शकाचा नव्हताच. तरुण मुलांनी 'युक्त' नावाची को-ऑपरेटिव्ह काढली आणि चौघांनी मिळून डिरेक्ट केला, मणी कौल, के. हरिहरन, सईद मिर्झा आणि कमल स्वरूप. म्हणजे सुरुवातच मराठी नाटकापासून झाली, हे आपल्याकडे फारसं कुणी सांगत नाही आणि मला ते फार महत्त्वाचं वाटतं. पुढे अ‍ॅटनबरोंच्या 'गांधी'वर असिस्टंट म्हणूनही काम केलं.

मग १९८८, 'ओम दर-ब-दर'. एनएफडीसीचा, म्हणजे सरकारी फिल्म महामंडळाचा पैसा, शूटिंग अजमेर-पुष्कर भागात. स्टोरी सांगा म्हणाल तर अवघड आहे, ओम नावाचा पोरगा आहे, सरकारी नोकरी सोडून ज्योतिषी झालेले बाबूजी आहेत, बहीण आहे, हिरे गिळलेले बेडूक आहेत, मध्येच गाणी, मध्येच रेडिओ, जाहिराती. मी पहिल्यांदा बघताना गोष्ट शोधत बसलो आणि हातात काहीच लागलं नाही, दुसऱ्यांदा फक्त आवाज ऐकत बसलो, तेव्हा कळलं की छोट्या गावातल्या पोराच्या डोक्यात धर्म, सायन्स, सिनेमा आणि वयात येणं हे सगळं एकाच वेळी जसं घोंगावतं तसंच ते पडद्यावर आणलंय. बर्लिन फेस्टिव्हलला गेली, फिल्मफेअरचा क्रिटिक्स अवॉर्ड मिळाला, आणि थिएटरमध्ये? नाही. डब्यात.

आता लोक म्हणतात, बिचाऱ्याची एकच फिल्म. मला हे अजिबात पटत नाही. कारण फिल्म डब्यात होती पण तिच्या व्हीएचएस, म्हणजे व्हिडिओ कॅसेटवरच्या कॉप्या, खराब झालेल्या, कॉपीची कॉपी, फिल्म शिकणाऱ्या पोरांच्यात हातोहात फिरत होत्या, आणि दरम्यान हा माणूस बसला होता दादासाहेब फाळक्यांच्या मागे. एक-दोन नाही, कित्येक वर्षं. फाळके जिथे जिथे राहिले ती गावं धुंडाळायची, विद्यार्थ्यांना घेऊन वर्कशॉप घ्यायचे, कागद, फोटो, आठवणी गोळा करायच्या. या सगळ्या शोधाचं पुस्तकही आलं.

आणि फाळकेच का, हे बघा. 'राजा हरिश्चंद्र' सगळ्यांना माहितीय, १९१३. पण नंतर पार्टनर लोकांशी पटेना म्हणून फाळके सगळं सोडून बायकापोरांसकट काशीला निघून गेले, सिनेमाच बंद, आणि तिथे बसून नाटक लिहिलं, 'रंगभूमी'. आपल्या सिनेमाचा जनक, आणि तोच पाठ फिरवून निघून जातो! स्वतःची फिल्म डब्यात असलेल्या माणसाला हाच फाळके सापडावा, याने मला खरंच गलबलून येतं. कमल स्वरूप त्या काशीत गेले, ते नाटक हातात घेऊन, आणि 'रंगभूमी' याच नावाची डॉक्युमेंटरी केली.

आणि मग २०१४. जानेवारीत 'ओम दर-ब-दर' डिजिटल रिस्टोअर होऊन पहिल्यांदा तिकीट लावून थिएटरला लागली, पीव्हीआरला, २६ वर्षांनी. आणि त्याच वर्षी एप्रिलमध्ये राष्ट्रीय पुरस्कार जाहीर झाले, त्यात सर्वोत्कृष्ट नॉन-फीचर फिल्म होती 'रंगभूमी'.