वावराखालची चुनखडी

श्रोतेहो, नमस्कार.

नळयोजना यायच्या आधी आपल्या विदर्भातल्या पुष्कळ गावांत विहिरींची वाटणी ठरलेली असायची. एका विहिरीचं पाणी प्यायला आणि वरणाला, दुसरीचं धुण्याभांड्याला, गुरांना. नव्या सुनेला हे पहिल्या आठवड्यातच सांगितलं जायचं. जड, म्हणजे चुना विरघळलेलं पाणी चुकून चुलीवर चढलं, की तुरीची डाळ कितीही रटरटली तरी पाणी वर आणि दाणे खाली. डाळीच्या पेशी एकमेकींना धरून ठेवणारं पेक्टिन पाण्यातल्या कॅल्शियमशी घट्ट बांधलं जातं, मग ती डाळ गळत नाही. चिमूटभर खायचा सोडा टाकला तर शिजते, पण चव जाते, आणि हे आपल्या मायमाउल्यांना कोणत्याही प्रयोगशाळेच्या आधी ठाऊक होतं. आता घरोघरी कुकर आहे, म्हणून कुरकुर कमी झाली. पाणी बदललेलं नाही.

अंघोळीचं पाणी तापवायच्या गुंडात आतून बोटं फिरवून पाहा. तळाशी आणि कडेला खरखरीत पांढरा थर लागतो. त्यावर लिंबू पिळा, बारीक फसफस होते. विहिरीच्या पाण्यात विरघळून आलेली चुनखडी पाणी उकळताना पुन्हा दगड होऊन गुंडाला चिकटलेली असते. मुतखडा याच पाण्यानं होतो, असं गावोगाव ठामपणे सांगतात. डॉक्टर मात्र आधी विचारतात, पाणी किती पिता? आपल्या मे महिन्यात दिवसभर वावरात राबून दोन तांबे पाणी पिणाऱ्यानं विहिरीला बोल लावण्यात अर्थ नाही.

तर ही चुनखडी आपल्या जमिनीत आली कुठून? नागपूरच्या पश्चिमेची काळी जमीन ज्या बेसॉल्टपासून, म्हणजे काळ्या फत्तरापासून झाली, त्याच्या खनिजांत कॅल्शियम भरपूर असतं. पावसाचं पाणी मातीतून झिरपताना कार्बन डायऑक्साइड घेऊन किंचित आंबट होतं आणि हे कॅल्शियम विरघळवून खाली नेतं. आपला पाऊस साधारण हजार मिलिमीटरच्या वर, पण जवळजवळ सगळा जून ते सप्टेंबर या चार महिन्यांतला. पुढचे आठ महिने जमीन वाळत राहते. पाणी उडून जातं, चुना जागच्या जागी राहतो. असे हजारो पावसाळे गेले, की काळ्या मातीखाली खड्यांचा थर बसतो. कुठे मुगाएवढे खडे, कुठे बटाट्याएवढे, वेडेवाकडे, फोडले तर आतून राखट. नाल्याची दरड कोसळली किंवा नवी विहीर खणायला घेतली, की हा पांढुरका पट्टा उघडा पडतो. एरवी वरून चालणाऱ्याला त्याचा पत्ता लागत नाही.

हेच खडे वेचून जुन्या लोकांनी घरं आणि वाडे उभे केले. भट्टीत जळणाचा एक थर, खड्यांचा एक थर असं रचून जाळायचं. शुद्ध चुनखडी 100 किलो जाळली तर 56 किलो चुनकळी हाती येते, बाकीचं वजन वायू होऊन धुराड्यातून जातं. चुनकळीवर पाणी ओतून ती विरवायची. त्या वेळी ती अशी उकळते, चरचरते आणि वाफ सोडते की पोरंसोरं तिच्या जवळ येऊ द्यायची नाहीत. डोळ्यात थेंब उडाला तर डोळा जायचा. मग वाळूसोबत घाणीत मळायची. गोल चर, त्यात दगडी चाक, चाकाला बैल. या खड्यांत, म्हणजे कंकरांत, चिकणमाती मिसळलेली असते, त्यामुळे त्यांचा चुना पाण्यातही घट्ट होतो. विहिरीच्या बांधकामाला, पुलाच्या कमानीला तो म्हणूनच टिकला. आज त्या घाणीचं चाक कुठे मंदिरामागे पडलेलं दिसतं, नाहीतर पारावर बसायला होतं. चुन्याचा रोजचा ग्राहक म्हणाल तर आता तंबाखू-सुपारीचा खर्रा घोटणारा, आणि त्याच्याबद्दल मी रेडिओवर काही बोलत नाही.

दक्षिणेला चंद्रपूर जिल्ह्यात उतरलं की गोष्ट पालटते. कोरपना, गडचांदूर, आवारपूर, आणि पैनगंगेपलीकडे यवतमाळ जिल्ह्यातलं वणी, मुकुटबन. इथे चुनखडी खड्यांची नाही, अख्खा खडकच तिचा आहे, शंभर कोटी वर्षांहून जुना, समुद्राच्या तळाशी थरावर थर साचलेला. राखी, काळसर, कुठे गुलाबी झाक. या खडकात पाणी फटींतून चालतं. एका बोअरला धो धो पाणी आणि पन्नास पावलांवरची दुसरी कोरडी, असं होतं. त्यात पाणाड्याचा दोष नसतो, तशी पाणाड्याची हुशारीही नसते. 1980च्या दशकात इथे मोठे सिमेंट कारखाने आले. एक टन क्लिंकर, म्हणजे दळून सिमेंट होतो तो भाजलेला माल, करायला दीड टनाच्या आसपास चुनखडी लागते, म्हणजे कारखाना जितकी वर्षं चालेल तितकी वर्षं खाण खोल आणि रुंद होत जाणार. कापूस, तूर, ज्वारीच्या वावराशेजारी पायऱ्या-पायऱ्यांची खाण आणि तिच्या तळाशी पावसाचं हिरवट पाणी, हे त्या भागाचं आजचं रूप आहे. ज्याची जमीन गेली त्याच्या पोराला नोकरी लागली का, हा प्रश्न तिथे पाऊसपाण्याच्या आधी विचारला जातो.

जाता जाता एक. वरोरा तालुक्यात पिसदुरा नावाचं गाव आहे. बेसॉल्टच्या खालच्या, चुनखडी आणि चिकणमातीच्या लामेटा थरांत तिथे डायनोसॉरची हाडं सापडतात आणि त्यांची दगड झालेली विष्ठाही. त्या विष्ठेत गवताचे सूक्ष्म अंश मिळाले, हे 2005 साली प्रसिद्ध झालं. त्यात भाताच्या कुळाशी नातं सांगणारं गवतही होतं. तोवर डायनोसॉरच्या काळी गवत होतं असं फारसं कुणी मानत नव्हतं. आपल्याकडच्या वावरातल्या शेणानं जगभरची पुस्तकं बदलायला लावली.

आता संत्र्याकडे येतो, कारण काटोल, नरखेड, कळमेश्वर, सावनेरकडच्या श्रोत्यांना चुनखडी भेटते ती बागेत. काटोलकडच्या एका काकाजींच्या बागेत मागे गेलो होतो. सात-आठ वर्षांची झाडं, आंबिया बहार सुटायची वेळ. काकाजी म्हणाले, "भाऊ, पुरा कोपरा पिवळा झाला. खत टाकू टाकू थकलो. काहून असं होते?"

पान हातात घेतलं. शिरा हिरव्यागार, मधला भाग फिकट पिवळा, आणि हे सगळं शेंड्याच्या कोवळ्या पानांवर. जुनी पानं ठीक. पिवळेपणा जुन्या पानांपासून सुरू झाला असता तर नत्राची कमतरता म्हटली असती. कोवळं पान पिवळं आणि शिरा हिरव्या, म्हणजे लोह मिळत नाही. काकाजींना हे पटेना, आणि त्यांचं बरोबरच होतं : काळ्या मातीत लोहाला काय तोटा? तोटा नाहीच. मातीत चुनखडी जास्त झाली की सामू, म्हणजे पीएच, आठच्या वर जातो, लोह न विरघळणाऱ्या रूपात अडकतं आणि मुळांना घेता येत नाही. तिजोरी भरलेली, किल्ली हरवलेली.

मग खड्डा खणला. दोन फुटांपर्यंत छान काळी माती, आणि त्याखाली खडेच खडे. मातीवर पातळ केलेलं आम्ल टाकलं तर ती फसफसून वर आली. बागेच्या दुसऱ्या टोकाला तसाच खड्डा घेतला. तिथे चार फुटांपर्यंत खडा नाही, आणि झाडं डेरेदार. एकच सातबारा, एकच खत, एकच माणूस.

लागवडीच्या वेळी काकाजींनी वरची मूठभर माती तपासून आणली होती आणि अहवाल चांगला आला होता. आपल्याकडे इथेच चुकतं. ज्वारी-हरभऱ्याला वरची माती पाहून भागतं. पंधरा-वीस वर्षं उभं राहायचं झाड लावताना तीन फूट खोल खड्डा घेऊन थराथरातून नमुने द्यावेत. चुनखडी दहा टक्क्यांच्या वर असेल तर संत्रा लावू नये, अशी शिफारस आहे. त्याच्या आत असली तरी कलमं जंबेरीच्या खुंटावर बांधलेली न घेता रंगपूर लाईमच्या खुंटावरची घ्यावीत, तो खुंट चुनखडी जास्त सोसतो. जेसीबीनं खोल खणून खालचे खडे वर आणू नयेत. तलावाचा गाळ फुकट मिळतो म्हणून टाकताना त्यात चुनखडी किती, ते आधी पाहावं.

उभ्या बागेचं काय? हिराकस, म्हणजे फेरस सल्फेट, नुसतं आळ्यात टाकाल तर तेही चार दिवसांत अडकून बसेल. फवारणीतून द्या, किंवा शेणखतात मुरवून द्या. चिलेटेड लोह, म्हणजे दुसऱ्या रसायनानं धरून ठेवलेलं लोह, घेणार असाल तर डब्यावर ईडीडीएचए आहे की ईडीटीए ते वाचा. चुनखडीच्या जमिनीत पहिलं टिकतं, दुसरं टिकत नाही, आणि दुकानदार आपण होऊन हे सांगेलच असं नाही. जड पाण्यानं ठिबकचे ड्रिपरही चुन्यानं बुजतात, त्यांना वेळोवेळी आम्ल प्रक्रिया करावी लागते. नाहीतर मोटर सुरू, मीटर सुरू आणि झाड कोरडं.

काकाजींनी पुढच्या हंगामात त्या कोपऱ्यातली झाडं काढली आणि सीताफळ लावलं. सीताफळाला चुनखडीचं वावडं नाही. घरातल्यांची कुरकुर झाली, काटोलात राहून संत्रा काढून टाकतात का कुठे! आता पोराचं म्हणणं आहे की शेजारच्या दोन एकरांतही खड्डे घेऊन पाहू, आणि काकाजी म्हणतात, आधी कापूस निघू दे.

नमस्कार.